ऑर्डर, पण कुणाची? अमूर्त बीजगणितातल्या एका शब्दाचे अर्थ आणि वापर

अमूर्त बीजगणित शिकायला घेतले की ‘ऑर्डर’ हा शब्द पहिल्या आठवड्यातच भेटतो आणि पुढे कधीच पाठ सोडत नाही. अडचण अशी की दर वेळी तो त्याच अर्थाने येत नाही. ग्रुप म्हणजे बेरीज-गुणाकारासारखी एक क्रिया असलेला, प्रत्येक घटकाला व्यस्त असलेला संच; त्याची ऑर्डर म्हणजे घटकांची संख्या. घटकाची ऑर्डर म्हणजे तो किती वेळा स्वतःशी गुणला की अविकारक घटक (ज्याच्याशी क्रिया केली तरी दुसरा घटक बदलत नाही तो) मिळतो ती संख्या. मॅट्रिक्सची ऑर्डर म्हणजे बहुधा तिचा आकार. पुढे बहुपदीची ऑर्डर येते, संख्या-फील्डमधली ऑर्डर येते आणि लहान-मोठे ठरवणारी ऑर्डरही येते. मराठीत याला ‘कोटी’ असा प्रतिशब्द आहे, पण ‘कोटी ६ चा गट’ असे वाचले की आधी सहा कोटी आठवतात आणि मग शाब्दिक कोटी. म्हणून इथे सरळ ‘ऑर्डर’च वापरू.

गोंधळ टाळायचा उपाय व्याकरणातच आहे. ‘ऑर्डर’ दिसला की त्याच्या आधीची षष्ठी शोधायची: कुणाची ऑर्डर? आणि लगेच दुसरा प्रश्न: कुठल्या क्रियेखाली? या दोन प्रश्नांची उत्तरे मिळाली की निम्म्याहून अधिक चुका होतच नाहीत.

लेखनाची सोय अशी ठेवू: ग हा ग्रुप, अ आणि ब हे त्यातले घटक, इ हा अविकारक घटक, न, म, क हे पूर्णांक. अ^न म्हणजे अ-चा न-वा घात. झेड(न) म्हणजे ० ते न−१ हे पूर्णांक, न ने भागून उरलेल्या बाकीच्या हिशेबाने केलेल्या बेरजेसह. यू(न) म्हणजे त्यांतले न शी सहमूळ असलेले (१ खेरीज समाईक विभाजक नसलेले) पूर्णांक, त्याच बाकीच्या हिशेबाने केलेल्या गुणाकारासह. एस(न) म्हणजे न वस्तूंची सगळी परम्युटेशन्स (जागा बदलण्याचे सगळे प्रकार).

ग्रुपची ऑर्डर

हा सर्वांत सोपा अर्थ. ग्रुपच्या संचात किती घटक आहेत ते मोजायचे. झेड(१२) ची ऑर्डर १२, एस(५) ची ५! म्हणजे १२०, यू(४१) ची ४०. रुबिक क्यूबच्या चालींच्या ग्रुपची ऑर्डर ४,३२,५२,००,३२,७४,४८,९८,५६,००० आहे. संच अनंत असेल तर ऑर्डर अनंत.

ऑर्डर कळली म्हणजे ग्रुप कळला असे मात्र नाही. ऑर्डर मूळ संख्या असेल तर ग्रुप सायक्लिकच (एकाच घटकाच्या घातांनी बनलेला) असतो आणि एकाच प्रकारचा असतो, तिथे विषय संपला. पण ऑर्डर ४ चे दोन प्रकार, ८ चे पाच, १६ चे चौदा. आणि ऑर्डर १०२४ चे ४९,४८,७३,६७,२८९ प्रकार, म्हणजे ४,९४८ कोटींहून अधिक (इथे कोटी म्हणजे खरोखरच कोटी). २ चे घात या बाबतीत फार वाह्यात वागतात.

एक खास सापळा डायहेड्रल ग्रुपच्या नावात आहे. न बाजूंच्या सुसम बहुभुजाच्या सममितींच्या ग्रुपची ऑर्डर २न असते. काही लेखक त्याला डी(न) म्हणतात, काही डी(२न). म्हणजे डी(८) हा चौरसाचा ८ घटकांचा ग्रुप असू शकतो किंवा अष्टकोनाचा १६ घटकांचा. भूमितीकडे झुकलेले लेखक बाजू मोजतात, ग्रुप-सिद्धांतवाले बरेचदा ऑर्डर लिहितात. पुस्तक बदलले की पहिल्यांदा हे तपासावे, नाहीतर (पुढे येणाऱ्या) लाग्रांजच्या प्रमेयापासून सगळेच हिशेब चुकत जातात.

घटकाची ऑर्डर

अ^न = इ होईल असा लहानात लहान धन पूर्णांक न म्हणजे अ-ची ऑर्डर. असा न मिळतच नसेल तर ऑर्डर अनंत.

या व्याख्येतले ‘लहानात लहान’ आणि ‘धन’ हे दोन्ही शब्द ओझे वाहतात. ‘धन’ काढला तर न = ० सगळ्यांनाच चालेल. ‘लहानात लहान’ विसरणे हा उत्तरपत्रिकेतला नेहमीचा दोष: अ^१२ = इ दाखवले आणि ‘म्हणून ऑर्डर १२’ लिहून टाकले. अ^१२ = इ यावरून एवढेच कळते की ऑर्डर १२ चा विभाजक आहे. ती १, २, ३, ४, ६ किंवा १२ यांपैकी काहीही असेल. उलट अविकारक घटकाची ऑर्डर १ असते, ० नव्हे. आणि ऑर्डर १ असलेला दुसरा घटक ग्रुपात नसतोच.

घटकाची ऑर्डर न आहे हे पक्के करायला दोनच तपासण्या लागतात. पहिली: अ^न = इ. दुसरी: न ला भाग जाणाऱ्या प्रत्येक मूळ संख्येसाठी न ला तिने भागून येणारा घात काढायचा, तो इ येता कामा नये. सगळे लहान घात तपासायची गरज नाही. न = ६० असेल तर फक्त ३०, २० आणि १२ हे तीन घात पाहायचे. कारण खरी ऑर्डर न पेक्षा लहान असती तर ती न चा विभाजक असती, आणि ६० चा प्रत्येक लहान विभाजक या तिघांपैकी एकाला तरी निःशेष भागतो.

आता ग्रुपची ऑर्डर आणि घटकाची ऑर्डर यांना एकच नाव का? अ चे सगळे घात घेतले तर एक सबग्रुप (ग्रुपातलाच लहान ग्रुप) तयार होतो: इ, अ, अ^२, … असा. त्या सबग्रुपात जितके वेगवेगळे घटक, तितकीच अ-ची ऑर्डर. म्हणजे घटकाची ऑर्डर ही त्याने जन्माला घातलेल्या सबग्रुपची ऑर्डर आहे. दोन अर्थांमधला हा पूल लक्षात ठेवला की लाग्रांजचे प्रमेय दोन्हीकडे आपोआप लागू होते: सबग्रुपची ऑर्डर ग्रुपच्या ऑर्डरला भागते, म्हणून घटकाची ऑर्डरही ग्रुपच्या ऑर्डरला भागते. (लाग्रांजने हे १७७०-७१ च्या सुमारास बहुपदीच्या मुळांच्या अदलाबदलीबद्दल लिहिले. अमूर्त ग्रुपची व्याख्या केलीने मांडली ती १८५४ साली.)

ऑर्डर काढायची कशी

पद्धत ग्रुप कोणता आहे यावर अवलंबून आहे.

बेरजेचा ग्रुप, झेड(न). इथे ‘घात’ म्हणजे पुन्हा पुन्हा बेरीज. अ-ची ऑर्डर = न ÷ मसावि(न, अ). झेड(३०) मध्ये १२ ची ऑर्डर: मसावि(३०, १२) = ६, म्हणून ३० ÷ ६ = ५. पडताळा: ५ × १२ = ६०, ३० ने भागून बाकी ०. सूत्र पाठ असले तरी हा पडताळा एका ओळीत लिहावा.

गुणाकाराचा ग्रुप, यू(न). इथे थेट सूत्र नाही, पण पक्की रीत आहे. उदाहरणासाठी यू(४१) मध्ये २ ची ऑर्डर काढू.

१. ग्रुपची ऑर्डर काढा. ४१ मूळ संख्या आहे, म्हणून ४०. हाच सुरुवातीचा म.

२. म चे मूळ अवयव पाडा: ४० = २ × २ × २ × ५.

३. एक मूळ अवयव घ्या आणि म ला त्याने भागून तो घात काढा. बाकी १ आली तर म च्या जागी भागाकार ठेवा आणि त्याच अवयवाने पुन्हा प्रयत्न करा. १ आली नाही तर तो अवयव सोडून पुढचा घ्या.

२^१० = १०२४; ४१ × २५ = १०२५, म्हणून २^१० ची बाकी −१. मग २^२० ची बाकी १. म्हणजे ४० चे २० झाले. पुन्हा २ ने: २^१० तर −१, १ नाही, थांबा. आता ५ ने: २० ÷ ५ = ४, २^४ = १६, १ नाही. सगळे अवयव तपासून झाले, ऑर्डर २०.

तिसऱ्या पायरीतले ‘त्याच अवयवाने पुन्हा’ हे शब्द हमखास गाळले जातात आणि उत्तर खऱ्या ऑर्डरच्या दुप्पट, चौपट येते. त्याच ग्रुपमधला ३ घेतला तर ३^४ = ८१, म्हणजे −१; म्हणून ३^८ ची बाकी १ आणि ऑर्डर ८.

इथे आणखी दोन ठिकाणी पाय घसरतो. झेड(७) मध्ये ३ ची ऑर्डर ७ आहे, यू(७) मध्ये ३ ची ऑर्डर ६ आहे. संख्या तीच, क्रिया वेगळी. ‘मॉड ७ मध्ये ३ ची ऑर्डर’ एवढेच लिहिले तर वाचणारा बहुधा गुणाकार धरतो, पण स्पष्ट लिहिणे बरे. दुसरे, ६ च्या बाकीने २ चे घात घेत बसलात तर २, ४, २, ४ असेच चालत राहील, १ कधी येणार नाही. याचा अर्थ २ ची ऑर्डर अनंत आहे असा नाही; २ हा ६ शी सहमूळ नाही, त्यामुळे तो त्या ग्रुपातच नाही आणि त्याच्या गुणाकारी ऑर्डरचा प्रश्नच उद्भवत नाही. सांत ग्रुपात कुणाची ऑर्डर अनंत येत असेल तर आधी तो घटक ग्रुपात आहे का ते पाहा.

परम्युटेशन्स, एस(न). परम्युटेशन सुट्या सायकलींत मोडा आणि सायकलींच्या लांबींचा लसावि घ्या; (१ २ ३) ही सायकल म्हणजे १ जातो २ वर, २ जातो ३ वर आणि ३ परत १ वर. (१ २ ३)(४ ५) ची ऑर्डर लसावि(३, २) = ६. ‘सुट्या’ म्हणजे एकही अंक दोन सायकलींत नाही. (१ २ ३)(३ ४ ५) मध्ये ३ दोनदा आहे, त्यामुळे लसावि(३, ३) = ३ हे उत्तर चूक. उजवीकडून डावीकडे चालवून पाहा: १ जातो २ वर, २ जातो ३ वर, ३ जातो ४ वर, ४ जातो ५ वर, आणि ५ उजव्या सायकलीत ३ होऊन डावीत १ होतो. म्हणजे (१ २ ३ ४ ५), ऑर्डर ५.

एस(५) मध्ये कोणत्या ऑर्डरचे किती घटक आहेत हे एकदा हाताने मांडून ठेवण्यासारखे आहे. ऑर्डर १ चा १. ऑर्डर २ चे २५ (एक जोडी बदलणारे १० आणि दोन सुट्या जोड्या बदलणारे १५). ऑर्डर ३ चे २०. ऑर्डर ४ चे ३०. ऑर्डर ५ चे २४. ऑर्डर ६ चे २०. बेरीज १२०. पडताळ्याचा एक छान नियम आहे: सांत ग्रुपात ऑर्डर न असलेल्या घटकांची संख्या फाय(न) च्या पटीत असते (फाय(न) म्हणजे न पर्यंतचे न शी सहमूळ असलेले धन पूर्णांक किती ते). ऑर्डर ५ चे घटक ४ च्या पटीत हवेत, २४ बरोबर. कुठे २२ आले असते तर मोजणीत चूक झाली हे तिथल्या तिथे कळले असते.

पत्ते पिसण्याचे उदाहरण याच जातीचे आहे. ५२ पत्त्यांचे २६-२६ असे दोन भाग करून एकाआड एक अगदी अचूक गुंफले आणि वरचा पत्ता वरच राहू दिला, तर आठ वेळा पिसल्यावर जोड मूळ क्रमाला येतो. कारण जागांना ० ते ५१ असे क्रमांक दिले तर शेवटची जागा सोडून प्रत्येक जागा दुप्पट होते, ५१ च्या बाकीने; आणि २^८ = २५६ = ५ × ५१ + १. वरचा पत्ता दुसऱ्या जागी जाऊ दिला तर हिशेब ५३ च्या बाकीने होतो आणि तिथे २ ची ऑर्डर ५२ आहे. मघाच्या दोन तपासण्या लावून पाहा: ५२ चे मूळ अवयव २ आणि १३, म्हणून २^२६ आणि २^४ काढायचे. पहिल्याची बाकी −१, दुसऱ्याची १६. दोन्ही १ नाहीत.

मॅट्रिक्स. इथे ‘ऑर्डर’ दोन अर्थांनी एकाच वाक्यात येऊ शकतो. ‘ऑर्डर २ ची मॅट्रिक्स’ म्हणजे २ × २ आकाराची, की जिचा वर्ग एकक मॅट्रिक्स येतो ती? लिहिताना आकारासाठी ‘२ × २’ असेच लिहावे आणि ऑर्डर हा शब्द ग्रुपसाठी राखून ठेवावा.

गुणाकाराची ऑर्डर: जिथे सगळे चुकतात

अ-ची ऑर्डर म, ब-ची ऑर्डर न. अब-ची ऑर्डर किती? ‘मन’ किंवा ‘लसावि(म, न)’ ही झटपट सुचणारी उत्तरे. दोन्ही सरसकट खोटी आहेत.

अ आणि ब क्रमनिरपेक्ष असतील, म्हणजे अब = बअ, आणि म, न सहमूळ असतील, तर ऑर्डर मन. दोन्ही अटी लागतात. नुसतेच क्रमनिरपेक्ष असतील तर अब-ची ऑर्डर लसाविला भागते, एवढेच म्हणता येते. ती लसाविएवढी असेलच असे नाही. ब म्हणून अ-चाच व्यस्त घ्या: दोघांची ऑर्डर म, गुणाकाराची १.

क्रमनिरपेक्षता गेली की सगळेच हातातून जाते. २ × २ मॅट्रिक्स ओळी-ओळीने लिहू. अ = (०, −१ ; १, ०) हिची ऑर्डर ४. ब = (०, १ ; −१, −१) हिची ऑर्डर ३. अब काढा: (१, १ ; ०, १). हिचा न-वा घात (१, न ; ०, १), म्हणजे तो कधीच एकक मॅट्रिक्स होत नाही. सांत ऑर्डरच्या दोन घटकांचा गुणाकार अनंत ऑर्डरचा! सांत ग्रुपांतही बंधन जवळपास नाहीच: १ पेक्षा मोठे कोणतेही तीन पूर्णांक द्या, एखाद्या सांत ग्रुपात अ, ब आणि अब यांच्या ऑर्डरी नेमक्या तेवढ्याच असलेले घटक सापडतात. अब आणि बअ यांची ऑर्डर मात्र नेहमी सारखी असते, कारण बअ = अ⁻¹(अब)अ.

रुबिक क्यूब हातात असेल तर हे बोटांनी अनुभवता येते. उजवी बाजू पाव फेरा फिरवणे, ऑर्डर ४. वरची बाजू पाव फेरा, ऑर्डर ४. दोन्ही एकामागून एक, ऑर्डर १०५. त्या अवाढव्य ग्रुपात कोणत्याही चालीची ऑर्डर १२६० च्या वर जात नाही.

घाताचे सूत्र मात्र खात्रीचे आहे: अ-ची ऑर्डर न असेल तर अ^क-ची ऑर्डर न ÷ मसावि(न, क). मघाचे झेड(न) चे सूत्र हेच आहे, बेरजेच्या वेषात.

ग्रुपच्या ऑर्डरवरून घटकांबद्दल काय म्हणता येते

लाग्रांज उलटा वाचू नये. ए(४), म्हणजे एस(४) मधल्या सम परम्युटेशन्सचा ग्रुप, त्याची ऑर्डर १२, ६ हा १२ चा विभाजक, तरी त्यात ऑर्डर ६ चा सबग्रुप नाही. कारण साधे आहे. असा सबग्रुप असता तर तो निम्मा ग्रुप व्यापता, आणि निम्म्या सबग्रुपात प्रत्येक घटकाचा वर्ग येतोच. ए(४) मध्ये तीन लांबीच्या ८ सायकली आहेत आणि त्यांतली प्रत्येक कशाचा तरी वर्ग आहे. सहा जागांत आठ कसे बसवणार?

मूळ संख्येपुरते उलटे विधान खरे आहे: ग्रुपच्या ऑर्डरला मूळ संख्या भागत असेल तर त्या ऑर्डरचा घटक असतोच. हे कोशीचे. मूळ संख्येच्या घाताएवढ्या ऑर्डरचा सबग्रुप असतो, हे सिलोचे, १८७२ चे. पण इथे सबग्रुप मिळतो, घटक नव्हे: ऑर्डर ४ च्या क्लाइन ग्रुपात (झेड(२) च्या दोन प्रतींच्या गुणाकारात) ऑर्डर ४ चा घटक नाही.

‘ऑर्डर’ आणि ‘एक्स्पोनंट’ यांचीही गल्लत होते. ग्रुपातल्या प्रत्येक घटकाला इ वर आणणारा लहानात लहान समाईक घात म्हणजे एक्स्पोनंट. एस(५) ची ऑर्डर १२०, एक्स्पोनंट ६०, आणि सर्वांत मोठी घटक-ऑर्डर ६. तीन वेगळ्या संख्या. क्रमनिरपेक्ष सांत ग्रुपात शेवटच्या दोन जुळतात.

ग्रुप अनंत असला म्हणजे त्यात अनंत ऑर्डरचा घटक असतो, हाही एक गैरसमज. परिमेय संख्यांच्या बेरजेच्या ग्रुपात पूर्णांकांना शून्य मानले तर अनंत ग्रुप मिळतो; त्यात अतिसंक्षिप्त रूपातल्या प्रत्येक अपूर्णांकाची ऑर्डर त्याचा छेद. ५/८ ची ऑर्डर ८. सगळे सांत.

ऑर्डरचा खरा उपयोग होमोमॉर्फिझम (एका ग्रुपातून दुसऱ्यात जाणारी, क्रिया जपणारी फलने) मोजताना दिसतो, कारण प्रतिमेची ऑर्डर मूळ घटकाच्या ऑर्डरला भागते. झेड(१२) पासून एस(५) कडे किती होमोमॉर्फिझम? १ कुठे पाठवायचा हे ठरले की सगळे ठरते, आणि त्याच्या प्रतिमेची ऑर्डर १२ ला भागली पाहिजे. एस(५) मधले ऑर्डर ५ चे २४ बाद. उरले ९६. उत्तर ९६. वरची यादी इथे कामाला आली.

दोन ग्रुप आयसोमॉर्फिक (रचनेने एकसारखे) नाहीत हे दाखवायलाही घटकांच्या ऑर्डरी मोजाव्यात. एकही आकडा वेगळा आला की काम झाले. पण सगळे आकडे जुळले म्हणून ग्रुप सारखे ठरत नाहीत. झेड(३) च्या तीन प्रतींचा गुणाकार, आणि झेड(३) वरच्या, कर्णावर १ आणि कर्णाखाली ० असलेल्या ३ × ३ मॅट्रिक्सचा ग्रुप: दोन्हींची ऑर्डर २७, दोन्हींत ऑर्डर ३ चे २६ घटक. पहिला क्रमनिरपेक्ष आहे, दुसरा नाही.

फील्ड आणि बहुपदी

फील्ड म्हणजे बेरीज, वजाबाकी, गुणाकार आणि शून्येतर घटकाने भागाकार करता येतो असा संच. सांत फील्डची ऑर्डर म्हणजे पुन्हा घटकांची संख्या, आणि ती नेहमी मूळ संख्येचा घात असते: २, ३, ४, ५, ७, ८, ९… ६ किंवा १० ऑर्डरचे फील्ड नाही. ऑर्डर ८ चे फील्ड म्हणजे झेड(८) नव्हे; तिथे २ × ४ = ० होते, फील्डात असे चालत नाही.

फील्डात क्रिया दोन असल्यामुळे प्रत्येक शून्येतर घटकाला दोन ऑर्डरी असतात. ऑर्डर ८ च्या फील्डात १ सोडून कोणताही शून्येतर घटक घ्या: बेरजेखाली त्याची ऑर्डर २, गुणाकाराखाली ७. ऑर्डर १६ च्या फील्डात गुणाकाराचा ग्रुप १५ घटकांचा: ऑर्डर १ चा १, ३ चे २, ५ चे ४, १५ चे ८. बेरजेखालच्या १ च्या ऑर्डरला वेगळे नाव आहे, कॅरॅक्टरिस्टिक (अनंत असेल तर मात्र ० लिहायचा संकेत).

सांत फील्डवरच्या बहुपदीची ऑर्डर हा तिच्या डिग्रीपेक्षा निराळा प्रकार. क्ष^न − १ ला ती बहुपदी निःशेष भागेल असा लहानात लहान धन न म्हणजे तिची ऑर्डर. अट एकच, अचल पद शून्य नसावे. दोन घटकांच्या फील्डवर क्ष^४ + क्ष + १ आणि क्ष^४ + क्ष^३ + क्ष^२ + क्ष + १ या दोन्ही डिग्री ४ च्या आणि अविभाज्य. पहिलीची ऑर्डर १५, दुसरीची ५. शिफ्ट रजिस्टर (बिटांची मालिका तयार करणारे परिपथ) बनवणाऱ्याला पहिली हवी असते, कारण तिच्यापासून १५ बिटांनंतर पुनरावृत्ती होणारी मालिका मिळते. दुसरी पाचातच फिरते. डिग्री पाहून निवड केली तर नेमके हेच चुकते.

नाव तेच, गोष्ट दुसरी

‘संख्या-फील्डमधली ऑर्डर’ ही संख्याच नाही, ती एक रिंग (बेरीज, वजाबाकी आणि गुणाकार चालणारा संच) आहे. १ सामावणारी, बेरजेखाली सांत घटकांपासून जन्मणारी आणि परिमेय सहगुणक घेतले की सगळे फील्ड व्यापेल एवढी मोठी अशी सबरिंग म्हणजे त्या फील्डमधली एक ऑर्डर. परिमेय संख्यांत √−३ घालून मिळणाऱ्या फील्डात क आणि म पूर्णांक असलेल्या क + म√−३ या संख्यांची रिंग ही एक ऑर्डर. (१ + √−३)/२ लाही आत घेतले की सर्वांत मोठी ऑर्डर मिळते. लहान ऑर्डरमध्ये ४ = २ × २ = (१ + √−३)(१ − √−३) असे दोन खरोखर वेगळे अवयव पडतात, मोठ्या ऑर्डरमध्ये ही आपत्ती नाही. ‘ऑर्डरची ऑर्डर’ असे लिहायची पाळी आली तर वाक्यच बदलावे.

घातश्रेणीची ऑर्डर म्हणजे शून्येतर सहगुणक असलेला सर्वांत लहान घातांक: क्ष^३ + ५क्ष^४ ची डिग्री ४, ऑर्डर ३. याच चालीवर संख्येत मूळ संख्येचा कितवा घात आहे त्यालाही ऑर्डर म्हणतात. ७२ मध्ये २ ची ऑर्डर ३ आणि ३ ची २. १/५० मध्ये ५ ची −२. ही ऑर्डर शून्य किंवा ऋण असू शकते, घटकाची कधीच नाही. खोडी चिन्हात आहे. ‘ऑर्ड’च्या पायाशी ७ आणि कंसात २ असे लिहिले तर त्याचा अर्थ ७ च्या बाकीने २ ची गुणाकारी ऑर्डर, म्हणजे ३, किंवा २ मध्ये ७ चा घातांक, म्हणजे ०. लेखात दोन्ही लागत असतील तर घातांकासाठी ‘व्हॅल्युएशन’चे चिन्ह वापरावे.

राहिली ती लहान-मोठेपणाची ऑर्डर: ऑर्डर्ड ग्रुप, ऑर्डर्ड फील्ड, पार्शल ऑर्डर. इथे मोजणी नाही, क्रम आहे. गंमत म्हणजे दोन्ही अर्थ एकमेकांना टाळतात. क्रियेशी जुळणारा पूर्ण क्रम असलेल्या ग्रुपात अविकारकाखेरीज सांत ऑर्डरचा घटक नसतो: अ > इ असेल तर अ^२ > अ, अ^३ > अ^२, असे वरच चढत जाते, परत इ वर यायला वाट नाही. याच कारणाने सांत ऑर्डरचे फील्ड कधीच ऑर्डर्ड नसते.

लिहिताना

उभ्या दोन रेघांत ग लिहिला तर ग्रुपची ऑर्डर, अ लिहिला तर घटकाची. पण मॅट्रिक्सच्या ग्रुपात त्याच रेघा डिटर्मिनंटच्याही असतात, तिथे ‘ऑर्ड(अ)’ लिहावे. ‘ऑर्डर ६ चे सबग्रुप’ आणि ‘ऑर्डर ६ चे घटक’ यांत नाम गाळू नये. नुसते ‘ऑर्डर ६ चे किती?’ या प्रश्नाला सायक्लिक ग्रुप झेड(१२) मध्ये सबग्रुप धरला तर १, घटक धरले तर २ अशी दोन उत्तरे आहेत. ‘ऑर्डर म ला भागते’ असे वाक्य लिहिताना कोण कुणाला भागते हे कर्ता-कर्म स्पष्ट ठेवून लिहावे. मराठीत ‘१२ ला ४ भागते’ बरोबर, ‘१२ हे ४ ला भागते’ म्हणजे सगळेच उलटे.

संगणकावर पडताळायचे असेल तर ‘गॅप’ प्रणालीत ‘ऑर्डर’ ही एकच आज्ञा ग्रुप दिला तर घटकसंख्या देते आणि घटक दिला तर त्याची ऑर्डर. बाकीच्या हिशेबातली गुणाकारी ऑर्डर काढायला ‘ऑर्डरमॉड’ अशी वेगळी आज्ञा आहे: तिला २ आणि ४१ द्या, उत्तर २० येईल.